वॉटरहाउसची युलेलिया बोलत का नाही?

कुंचला

लंडनच्या टेट ब्रिटन संग्रहालयात जॉन विल्यम वॉटरहाउसचं १८८५ सालचं ‘संत युलेलिया’ हे चित्र आहे. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी सांगते. रोमन काळातला चौक, बर्फ भुरभुरतोय. अगदी पुढ्यात एक मुलगी मरून पडलीय. डोकं आपल्या बाजूला, केस बर्फावर पसरलेले, हात फाकलेले. उजव्या अंगाला क्रूसाचा खांब. लांब मागे शिपाई आणि त्यांच्या पलीकडे थोपवून धरलेली माणसं. आजूबाजूला कबुतरं उतरलीत. जखम एकही नाही.

मी कला महाविद्यालयात शिकवते. फोरशॉर्टनिंगच्या (आपल्या दिशेने आलेलं अंग आखूड करून काढण्याच्या) तासाला हे चित्र हमखास दाखवते, कारण पडलेलं शरीर इतक्या कठीण कोनातून इतकं अचूक काढणं सोपं नाही. पण यंदा चित्र दाखवण्याआधी मी ती मूळ कविता वाचली, जिच्यावरून हे चित्र आलं. प्रुडेन्शियस हा स्पेनमधला लॅटिन कवी, जन्म इ. स. ३४८. त्याने हुतात्म्यांवर स्तोत्रं लिहिली, त्यातलं तिसरं युलेलियावर आहे.

त्या कवितेतली मुलगी गप्प बसणारी नाहीच! वय बारा. डायोक्लेशन बादशहाच्या काळात ख्रिस्ती लोकांची धरपकड चालू आहे म्हणून आईबाप तिला शहराबाहेर शेतावरच्या घरात लपवून ठेवतात. ती रात्री दार उघडून पळते. काट्याकुट्यांतून अनवाणी चालत सकाळी स्पेनमधल्या मेरिदा शहरात पोहोचते आणि थेट न्यायासनासमोर उभी राहून अधिकाऱ्याला विचारते, माणसांना स्वतःचा देव नाकारायला लावण्याचा हा कसला वेडेपणा? तो तिला समजावतो, तुझं लग्न व्हायचंय, घरच्यांचे डोळे तुझ्या वाटेकडे लागलेत, बोटाने चिमूटभर धूप वाहा आणि घरी जा. ती त्याच्या तोंडावर थुंकते, मूर्ती उधळते, धुपाची वेदी लाथाडते. लोखंडी नख्यांनी तिचं अंग ओरबाडतात तेव्हा ती ते ओरखडे मोजते आणि म्हणते, प्रभू, बघ, हे तुझंच नाव माझ्यावर लिहिलं जातंय.

हे वाचल्यावर वॉटरहाउसच्या चित्रासमोर मला उभं राहवेना. चित्र देखणं आहे, पण त्यातून ती मुलगीच वजा झालीय. बारा वर्षांची पोर तिथे वीस-बावीसची तरुणी दिसते. कवितेत बर्फ तिचं अंग झाकतो, मायेने पांघरूण घालावं तसा. चित्रात बर्फ जमिनीवर आहे, तिच्या अंगावर नाही. आणि जिचं सगळं सामर्थ्य बोलण्यात होतं, तिचं तोंड कायमचं मिटलेलं.

तर प्रश्न असा: कोवळ्या वयात मारल्या गेलेल्या ख्रिस्ती संतांची अशी कोणती चित्रं, शिल्पं तुम्हाला माहीत आहेत, ज्यांत त्यांचं म्हणणं शिल्लक राहिलंय? मला तासाला दाखवायला हवीत. वेगळी मतंही येऊ द्यात.

रानवाट

कुंचला ताई, धागा फार आवडला, पण वॉटरहाउसवर अन्याय होतोय असं मला वाटतं.

त्या चित्राच्या मधोमध काय आहे ते पुन्हा बघा. काहीच नाही. पांढरा, रिकामा बर्फ. एवढ्या उंच चित्राचा (सुमारे १८९ सेंमी उंची आहे त्याची, म्हणजे पुरुषभर) मधला भाग चित्रकाराने मोकळा सोडलाय. एका टोकाला मारणारे आणि बघे, दुसऱ्या टोकाला ती. आपण तिच्या बाजूला आहोत, गर्दीच्या बाजूला नाही. ती बोलून झालीय, तिला जे म्हणायचं होतं ते तिने म्हटलंय आणि आता उत्तर द्यायची पाळी त्या शिपायांची आहे, जे काही बोलू शकत नाहीत. मला त्या चित्रातलं मौन तिचं नाही, त्यांचं वाटतं.

कोवळं_ऊन

वाचतेय. भाबडा प्रश्न: हे खरंच घडलं होतं की दंतकथा?

मोडीवाला

@कोवळं_ऊन, भाबडा अजिबात नाही. परंपरेप्रमाणे युलेलियाचा मृत्यू ३०४ च्या सुमाराचा, प्रुडेन्शियसची कविता त्यानंतर जवळजवळ शंभर वर्षांनी. मेरिदाला तिच्या थडग्यावर देऊळ होतं हे तो स्वतः सांगतो. म्हणजे त्या नावाच्या मुलीची आठवण त्या गावात पक्की होती. संवाद, कबुतर, बर्फ हे कवीचं. डायोक्लेशनचा छळ मात्र पूर्ण ऐतिहासिक आहे. ३०३ मध्ये पहिला हुकूम निघाला आणि पुढच्या वर्षीपर्यंत सर्वांनी देवांना बळी किंवा धूप वाहावा इथवर गोष्ट गेली. ‘चिमूटभर धूप वाहा आणि घरी जा’ हे त्या काळच्या कारभाराला धरूनच आहे.

आता मूळ प्रश्नाकडे. कुंचला, तुम्ही एकोणिसाव्या शतकाकडून मागे बघताय, जरा उलट्या बाजूने या. पहिली काही शतकं ख्रिस्ती कलेत हुतात्म्यांचे हाल जवळजवळ दिसतच नाहीत. रोममध्ये शहराच्या जुन्या तटाबाहेर संत अ‍ॅग्नेसचं चर्च आहे. तिथल्या घुमटीत सातव्या शतकातलं, पोप ओनोरियस पहिला याच्या काळातलं मोझेक (रंगीत तुकडे जडवून केलेलं चित्र) आहे. अ‍ॅग्नेसही बारा-तेरा वर्षांचीच. मोझेकमध्ये ती सोनेरी पार्श्वभूमीवर ताठ उभी आहे, अंगावर राणीसारखी रत्नजडित वस्त्रं. तलवार आणि ज्वाळा तिच्या पायाशी आहेत. छोट्याशा. ज्यांनी तिला मारलं ती हत्यारं तिच्या पायाखाली पडलेली.

इटलीतल्या रावेन्नाला सांत आपोलिनारे नुओवो चर्चमध्ये सहाव्या शतकातली २२ कुमारी हुतात्म्यांची रांग आहे. सगळ्या हातात मुकुट घेऊन चालल्यात. अ‍ॅग्नेसच्या पायाशी कोकरू. त्या रांगेत आपली युलेलियाही आहे, नाव लिहिलेलं आहे. कुणाच्याही अंगावर ओरखडा नाही.

तेव्हा जखम नसणं ही वॉटरहाउसची नवी युक्ती नव्हे. फरक एवढाच की रावेन्नाची युलेलिया आपल्या पायांनी चालतेय.

पाऊलखुणा

शेवटच्या वाक्याला +१. लगेच रावेन्नाची छायाचित्रं शोधून पाहिली. ती हिरवळ, ती खजुराची झाडं, आणि त्या चालताहेत! बघतच राहिले.

वसईची_वाडी

आम्ही वसईचे कॅथलिक. या विषयावर आमच्याकडे घरोघरी बोललं जातं, कारण संत गोन्सालो गार्सिया आमचे. वसईत जन्मलेले, फ्रान्सिस्कन संघाचे ब्रदर, ५ फेब्रुवारी १५९७ रोजी जपानमध्ये नागासाकीला क्रूसावर मारले गेले. १८६२ मध्ये पोप पायस नववे यांनी त्यांना संत जाहीर केलं. भारतात जन्मलेले पहिले संत. गासला त्यांच्या नावाचं चर्च आहे. गोन्सालो तेव्हा चाळिशीचे होते, म्हणून धाग्यात बसत नाहीत. पण त्यांच्याबरोबर जे २५ जण मारले गेले त्यांत मुलं होती. लुईस इबाराकी १२ वर्षांचा, अंतोनियो १३ चा, थॉमस कोझाकी १४ चा. जपानचा तेव्हाचा सत्ताधीश हिदेयोशी याच्या हुकुमाने या सगळ्यांना क्योतोत कानाची पाळी कापून, भर थंडीत शेकडो किलोमीटर पायी नागासाकीला नेलं. लुईसने टेकडीवर पोहोचल्यावर ‘माझा क्रूस कुठला?’ असं विचारलं आणि त्याच्याकडे धावत गेला, असं सांगतात. थॉमसने वाटेत आईला पत्र लिहिलं होतं.

नागासाकीच्या निशिझाका टेकडीवर १९६२ मध्ये, संतपदाला शंभर वर्षं झाली तेव्हा, फुनाकोशी यासुताके या शिल्पकाराने सव्वीसही जणांचे कांस्यपुतळे ओळीने केले. कुंचला ताई, हे शिल्प तुम्ही तासाला जरूर दाखवा. क्रूस दाखवलेले नाहीत. भाले दाखवलेले नाहीत. माणसं आपल्याकडे तोंड करून, अंगरख्यांत, पावलं खाली मोकळी सुटलेली, जणू जमिनीवरून वर उचलली गेलीत. आणि ओळीत मधेच उंची एकदम कमी होते. ती मुलं. त्या तीन जागी डोळे अडकतात. मोठ्यांच्या खांद्याखाली त्यांची डोकी येतात, यापलीकडे शिल्पकाराने काही केलेलं नाही.

कुंचला

@वसईची_वाडी, हे शिल्प मला ठाऊकच नव्हतं! मनापासून आभार. उंचीतला फरक एवढ्यानेच वय सांगायचं, हे मुलांना शिकवण्यासारखं आहे.

@मोडीवाला, ‘आपल्या पायांनी’ हा मुद्दा एकदम पटला. पण मग मधे काय झालं? चालणाऱ्या मुली आडव्या कधी पडल्या?

मोडीवाला

एका दिवसात नाही. मध्ययुगात हालांची चित्रं वाढत गेली, कारण संतांच्या कथा गावोगाव सांगितल्या जाऊ लागल्या आणि वाचता न येणाऱ्यांना संत ओळखायला खूण लागे. लुसीच्या हातात डोळे, अगाथाच्या तबकात कापलेले स्तन, कॅथरिनजवळ मोडकं चाक. यातही काही चित्रकार विलक्षण संयमी आहेत. वॉशिंग्टनच्या नॅशनल गॅलरीत फ्रान्चेस्को देल कोस्साची लुसी बघा, ती आपले डोळे फुलाच्या देठावर उमलल्यासारखे दोन बोटांत धरून उभी आहे. सतराव्या शतकात सेव्हिलच्या झुर्बारानने अशाच हुतात्मा मुली काढल्या. भरजरी कपडे, आपली खूण हातात, आणि थेट बघणाऱ्याच्या डोळ्यांत नजर.

आडवं पडणं रुळवलं ते १६०० साली, स्तेफानो मादेर्नोने.

रानवाट

सिसिलिया! मी तेच लिहायला आलो होतो.

रोममध्ये त्रास्तेवेरे भागातल्या सांता सिसिलिया चर्चमध्ये १५९९ साली कार्डिनल स्फोन्द्रातींनी संत सिसिलियाची कबर उघडली. आत शरीर न कुजलेलं, कुशीवर निजलेलं सापडलं असं तेव्हा जाहीर झालं. मादेर्नो तेव्हा तेवीस-चोवीस वर्षांचा. त्याने त्याच अवस्थेत संगमरवरात ती घडवली. मुख्य वेदीखाली, कबरीएवढ्या काळ्या कोनाड्यात ती आहे. चेहरा जमिनीकडे वळवलेला, डोक्यावर फडकं. मानेवर बारीक घाव. आणि हात बघा: एका हाताची तीन बोटं उघडी, दुसऱ्याचं एक. परंपरा सांगते की मानेवर घाव बसून बोलता येईना तेव्हा तिने बोटांनी सांगितलं, देव तीन व्यक्तींत एक.

कुंचला ताई, तुम्ही विचारताय ना म्हणणं कुठे शिल्लक राहिलं? इथे. चेहराही न दाखवता.

मुक्ता_पाटकर_नव्हे

रानवाट, अंगावर काटा आला. बोटांचं माहीत नव्हतं. यापुढे ते शिल्प हातांपासून बघायला सुरुवात करणार.

तांबडी_माती

नमस्कार, गोंयहून. तुम्ही रोम, रावेन्ना फिरताय, पण जुन्या गोव्याचं से कॅथेड्रल कसं विसरलात? ते संत कॅथरिनला वाहिलेलं आहे. आल्बुकर्कने गोवा घेतला तो २५ नोव्हेंबर १५१० ला, आणि तो तिच्या सणाचा दिवस. मुख्य वेदीमागे सोन्याने मढवलेली भली मोठी लाकडी चौकट आहे, तिच्या सहा फलकांवर कॅथरिनच्या आयुष्यातले प्रसंग कोरलेत. अलेक्झांड्रियाची अठराएक वर्षांची विदुषी. बादशहाने तिच्याशी वाद घालायला पन्नास तत्त्वज्ञ बोलावले आणि तिने सगळ्यांना निरुत्तर केलं, अशी कथा. मग खिळ्यांचं चाक, ते मोडलं. शेवटी शिरच्छेद.

आमची आजी आम्हाला त्या वेदीसमोर उभं करून बोटाने एकेक फलक दाखवायची आणि कथा सांगायची. तिला चाकापेक्षा वादाची गोष्ट सांगायला जास्त आवडायची. ‘पन्नास जाणते आणि एक चेडूं!’ असं म्हणून ती हसायची. चर्चमधलं कोरीवकाम असं कुणीतरी सांगत असताना बघायला मिळणं वेगळं. पर्यटक येतात, सोनं किती आहे एवढं विचारून जातात, याचं फार वाईट वाटतं.

कुंचला

@तांबडी_माती, तुमच्या आजीने माझ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर दिलं.

तुमच्यावरून आठवलं. रोमच्या सान क्लेमेन्ते चर्चमध्ये मासोलिनोने १४२८ च्या आसपास कॅथरिनची भित्तिचित्रं केली आहेत. त्यातल्या वादाच्या प्रसंगात ती निळ्या झग्यात मधोमध उभी आहे, दोन्ही बाजूंना म्हातारे तत्त्वज्ञ बसलेत, आणि ती बोटांवर मुद्दे मोजतेय. एक, दोन, तीन. मला त्या चित्रात तिचा स्वर ऐकू येतो. शिरच्छेदाचा प्रसंगही त्याच भिंतीवर आहे, पण आपण तिला बोलताना पाहिलेलं असतं, म्हणून तो वेगळा भिडतो. युलेलियाच्या बाबतीत कुणी असं केलंय का?

शून्यप्रहर

थोडा विरोधी सूर लावतो. तुम्ही सगळे ‘आवाज, आवाज’ म्हणताय, पण बारा वर्षांच्या मुलीने मरणाकडे धावत जाणं हे सुंदर आहे असं आपण मुळात का म्हणायचं? मला प्रुडेन्शियसची कविताच अस्वस्थ करते. आईबापांनी तिला लपवलं ते बरोबर केलं. वॉटरहाउसने निदान शेवटी काय उरतं ते दाखवलं: एक मेलेलं लेकरू आणि बर्फ. फ्रेंच चित्रकार देलारोशचं ‘तरुण हुतात्मा’ हे १८५५ चं चित्र लूव्रमध्ये आहे. त्यात एका अनाम ख्रिस्ती मुलीला हात बांधून टायबर नदीत फेकलंय. काळोखं पाणी, पाण्यावर तरंगणारा चेहरा, वर तेजोवलय. काठावर अंधारात दोन आकृत्या. त्या चित्रात गौरव कमी आणि हळहळ जास्त आहे. मला ती प्रामाणिक वाटते.

आईपण

शून्यप्रहर यांच्याशी बऱ्याच अंशी सहमत. मी कॅथलिक शाळेत शिकले. आमच्या वर्गात मारिया गोरेत्तीची तसबीर होती. इटलीतली शेतमजुरांची मुलगी, १९०२ मध्ये अकराव्या वर्षी एका ओळखीच्या तरुणाच्या हल्ल्यात तिचा जीव गेला, १९५० मध्ये संतपद. तसबिरीत ती स्वच्छ कपड्यांत, हातात लिलीची फुलं घेऊन उभी. आम्हाला तिची शुद्धता सांगितली जायची. कुणीही असं सांगितलं नाही की तिने त्या माणसाला ठाम नकार दिला होता, आणि मरताना त्याला क्षमा केली हासुद्धा तिचा स्वतःचा निर्णय होता. आता माझी मुलगी अकरा वर्षांची आहे. तिला मी गोष्ट सांगते ती नकाराची सांगते. लिलीच्या फुलांनी तो नकार झाकला जाऊ नये एवढंच मला वाटतं.

मोडीवाला

@आईपण, फार महत्त्वाचं लिहिलंत. मुलांपुढे काय ठेवायचं हा प्रश्न चित्रकलेच्या प्रश्नापेक्षा मोठा आहे.

@शून्यप्रहर, संत अँब्रोज अ‍ॅग्नेसबद्दल लिहिताना म्हणतो की एवढ्याशा अंगावर घाव घालायला जागा तरी होती का? चौथ्या शतकातल्या माणसालाही ते लेकरूच दिसत होतं. हळहळ आणि गौरव तेव्हापासून एकत्रच आहेत, ते वेगळे काढता येत नाहीत.

खानदेशी_बाणा

धाग्याला किंचित फाटा फोडतो, माफी असावी. ‘आवाज शिल्लक राहणं’ वाचून आमचं नंदुरबार आठवलं. ९ सप्टेंबर १९४२, चले जाव चळवळ, शाळकरी पोरांची मिरवणूक. शिरीषकुमार मेहता, वय १५, हातात तिरंगा, पोलिसांच्या गोळ्यांनी मारला गेला. त्याच्याबरोबर त्याचे चार सवंगडीही. गावात स्मारक आहे. पण गावातल्या कुणालाही विचारा, आधी आठवते ती घोषणा, ‘नहीं नमशे, नहीं नमशे, निशाण भूमि भारतनुं’. पोरगा गेला तसा दिसत नाही आम्हाला, घोषणा देताना दिसतो. धर्म वेगळा, काळ वेगळा, तरी कुंचला ताई म्हणतात ते मला यावरून कळलं.

कोवळं_ऊन

खानदेशी_बाणा, हा फाटा नाही, हा धागाच आहे.

पाऊलखुणा

अवांतर: संत सेबास्तियनही तरुणच ना? बाण लागलेला देखणा मुलगा?

मोडीवाला

गंमत आहे त्याची. रोममध्ये सान पिएत्रो इन विंकोलीत सातव्या शतकातलं मोझेक आहे, त्यात सेबास्तियन पांढऱ्या दाढीचा, पूर्ण कपड्यातला प्रौढ सैनिक आहे. तो तरुण होत गेला तो प्रबोधनकाळात, कारण चित्रकारांना उघडं पुरुषशरीर रेखाटण्याची ती हक्काची संधी होती. शिवाय कथेप्रमाणे बाणांनी तो मेलाच नाही! आयरीन नावाच्या विधवेने शुश्रूषा करून त्याला वाचवलं, तो पुन्हा बादशहासमोर जाऊन त्याला सुनावून आला, आणि मग सोट्यांनी मारला गेला. सुनावल्याचा प्रसंग कुणाला आठवत नाही, बाण सगळ्यांना आठवतात. तेच युलेलियाचं झालं.

इबेरिया_डायरी

मी माद्रिदला राहते, उशिरा येतेय. मेरिदा आणि बार्सिलोना दोन्हीकडची युलेलिया सांगते, कारण स्पेनमध्ये या दोन आहेत. मेरिदाची, सण १० डिसेंबर, आणि बार्सिलोनाची, सण १२ फेब्रुवारी. अनेक अभ्यासक म्हणतात की मुळात एकच, बार्सिलोनाची ही तिचीच दुसरी छाया. बार्सिलोनात हे बोलताना जरा जपून, ती त्यांची ग्रामदेवताच समजा!

मेरिदाच्या बॅसिलिकाखाली उत्खननात जुन्या कबरी आणि आधीच्या चर्चचा पाया सापडलाय, खाली उतरून बघता येतो. समोर ‘ओर्निटो’ म्हणजे छोटी भट्टी नावाची घुमटी आहे. १६१२ मध्ये बांधली ती मंगळदेवाच्या रोमन देवळाचे दगड वापरून. ज्या देवांना धूप वाहायला ती नाही म्हणाली, त्यांच्याच देवळाचे दगड. लोक येता-जाता तिथे थांबतात, फुलं ठेवतात. मला संग्रहालयातल्या चित्रापेक्षा ही जागा जास्त बोलकी वाटली.

बार्सिलोनाचं कॅथेड्रलही तिच्या नावाचं. आवारात कायम १३ पांढरे हंसबदकं ठेवतात, तिच्या वयाच्या वर्षांएवढी. लहान मुलं आधी तिकडे पळतात आणि बदकं असा काही आवाज करतात की गप्प बसलेल्या संतांची कमतरता भासत नाही :)

आता कुंचला, तुमच्या प्रश्नाचं उत्तर. कॅथेड्रलमध्ये गायकवृंदाच्या जागेमागे संगमरवरी भिंत आहे. तिच्यावर सोळाव्या शतकात बार्तोलोमे ओर्दोन्येसने युलेलियाचे प्रसंग कोरायला घेतले आणि त्याच्या मृत्यूनंतर काम पेद्रो व्हियारने पुरं केलं. ओर्दोन्येसच्या दोन फलकांपैकी एकात ती आगीत आहे. दुसऱ्यात ती अधिकाऱ्यासमोर उभी राहून आपली श्रद्धा जाहीर करतेय. आजूबाजूचे पुरुष वळून, वाकून ऐकताहेत. सगळ्या फलकाची हालचाल तिच्या बोलण्याने सुरू झाल्यासारखी आहे. तुम्ही मासोलिनोत जे पाहिलंत, ते युलेलियाच्या बाबतीत इथे आहे.

कुंचला

@इबेरिया_डायरी, तुमचे आभार कसे मानू! गेले कित्येक दिवस मी हेच शोधत होते. पुढच्या तासाला ओर्दोन्येसचा फलक आणि वॉटरहाउस शेजारी शेजारी लावणार.

रानवाट

लावा, पण वॉटरहाउस दुसरा लावा. आधी ती बोलताना बघू दे, मग तो रिकामा बर्फ. मुलांना त्या रिकामेपणाचं वजन तेव्हा कळेल.

मुक्ता_पाटकर_नव्हे

स्पॅनिश कवी लोर्काची युलेलिया कुणी कशी आणली नाही? १९२८ च्या त्याच्या जिप्सी गीतांच्या संग्रहात ‘संत ओलाल्याचं हौतात्म्य’ आहे. ओलाल्या म्हणजे युलेलियाच. त्यात आग खरीच जाळते. बर्फात झाडाला टांगलेलं तिचं शरीर कोळशासारखं काळं पडलेलं आहे, आणि ते गोठलेल्या हवेला काजळी लावतं. प्रुडेन्शियसच्या कवितेत ती आगीत मरते; वॉटरहाउसने ती आग पुसली, लोर्काने पुसली नाही. आणि तरी शेवटी तो तिला शुभ्रात शुभ्र करून सोडतो. शून्यप्रहर, तुम्हाला हवी असलेली हळहळ आणि कुंचलाला हवा असलेला ताठपणा मला एकत्र सापडला तो इथे.

शून्यप्रहर

वाचली. तुमचं म्हणणं मान्य. काजळी लावणारं शरीर ही प्रतिमा कुणालाही सुखाने बघू देत नाही, आणि ते योग्यच आहे. बालकांच्या मरणाचं सुंदर चित्र मला अजूनही नको वाटतं, पण हे त्यात मोडत नाही.

वसईची_वाडी

मुलगेही येऊ द्या की धाग्यात. आमच्या चर्चमधल्या वेदीसेवक मुलांचा पाठीराखा संत तार्सिसियस. ख्रिस्तप्रसाद लपवून नेत असताना जमावाने त्याला ठेचलं, पण त्याने तो हातातून सोडला नाही. पोप दमासस यांनी चौथ्या शतकात त्याच्या कबरीवर चार ओळी लिहिल्या, त्यांत वयाचा उल्लेख नाही. पुढच्या काळात तो लहान मुलगा झाला. फाल्गियेरने १८६८ मध्ये केलेला त्याचा संगमरवरी पुतळा पॅरिसच्या ओर्से संग्रहालयात आहे. तोही आडवाच पडलाय, शेजारी दगड, पण दोन्ही हात छातीशी घट्ट. मेल्यावरही सोडत नाहीये. वेदीसेवक मुलांना मी हा पुतळा मोबाइलवर दाखवला तेव्हा सगळ्यांनी आधी हातच पाहिले. रानवाट म्हणतात ते खरं, हातांपासून बघायला हवं.

मोडीवाला

छान उदाहरण. आणि वयाचा मुद्दाही. काळ जातो तसे हुतात्मे लहान होत जातात, कारण ऐकणाऱ्याला अन्याय जास्त टोचतो.

आईपण

किंवा सांगणारी आई असते आणि ती आपल्या मुलाच्या वयाचा संत सांगते.

तांबडी_माती

@आईपण, आमच्या आजीची कॅथरिन दरवर्षी आमच्यातल्या सगळ्यात मोठ्या मुलीएवढी असायची, हे आत्ता लक्षात येतंय.

कुंचला

तासाचा क्रम ठरवला. रावेन्ना, मासोलिनो, ओर्दोन्येस, मादेर्नोचे हात, फाल्गियेरचे हात, फुनाकोशी. वॉटरहाउस रानवाट म्हणतात तसा शेवटी. आणि चित्रं दाखवण्याआधी प्रुडेन्शियसची कविता मराठीत वाचून दाखवणार. मग मुलांना गृहपाठ: युलेलियाचा असा प्रसंग रेखाटा, जो कुणी फारसा काढत नाही. मी स्वतः ती रात्रीची वाट काढायला घेतलीय. कवितेत तिच्याबरोबर देवदूत आहेत आणि अंधारात उजेड आहे. ती मेलेली नाही, घाबरलेलीही नाही, बारा वर्षांची आहे आणि तिला उशीर होतोय.

रानवाट

काढा, आणि इथे टाका. माझ्या खोलीत वॉटरहाउसची प्रत लावलेली आहे, ती उतरवणार नाही, पण शेजारी जागा करतो.

वसईची_वाडी

कुंचला ताई, यादीत आणखी एक घाला. मेक्सिकोतल्या कुएर्नावाकाच्या कॅथेड्रलच्या भिंतींवर नागासाकीच्या हुतात्म्यांची भलीमोठी भित्तिचित्रं आहेत. त्या २६ जणांत फेलिपे दे हेसुस हा मेक्सिकोचा होता, म्हणून तिथे. नंतर ती चुन्याखाली गेली होती आणि विसाव्या शतकाच्या मध्यात दुरुस्तीच्या कामात पुन्हा सापडली. गाड्यांतून, होड्यांतून कैद्यांना नेताहेत असा सगळा प्रवास त्यात आहे. म्हणजे आमच्या वसईच्या माणसाच्या आणि त्या तीन मुलांच्या शेवटच्या वाटेचं चित्र मेक्सिकोत. धाग्यावर कुणी मेक्सिकोत राहणारं असेल, किंवा तिकडे जाणारं, तर भिंतीची जवळून काढलेली छायाचित्रं हवी आहेत. गासच्या चर्चमधल्या मुलांना मोठी करून दाखवायची आहेत, आणि त्यांना पहिला प्रश्न हाच पडणार आहे की लुईस कुठला.